पुराच्या तिसऱ्या दिवशीची कॅसेट

समीक्षाने क्लिप थांबवली. मागे घेतली. पुन्हा लावली. गुडघाभर चिखलातून एक माणूस नाशिकच्या ट्रककडे निघाला होता, हातात निळी बॅग. चढण्याआधी त्याने वळून कॅमेऱ्याकडे पाहिलं. ते तिचे बाबा होते. कोपऱ्यात तारीख होती, २९ जुलै २००५.

आणि बाबा तर सव्वीस जुलैच्या पुरात वाहून गेले होते.

सिनेमांसाठी जुनी चित्रणं शोधून देणं हे समीक्षाचं काम. घोडबंदर रोडच्या ऑफिसात बसून दिवसभर लोकांनी विसरलेल्या कॅसेटी चाळायच्या. कल्याणच्या पुरावर माहितीपट होणार होता, म्हणून तिने धंदा बंद केलेल्या एका केबलवाल्याचा माळा रिकामा करून आणला होता. पूर आला तेव्हा ती नऊ वर्षांची, घर खाडीजवळ. बाबा तांदूळ आणायला बाहेर पडले ते गेलेच. प्रेतही मिळालं नाही. अशा माणसाची बारा वर्षं वाट बघायची असते, असं नातेवाइकांनी आईला बजावलं. पण हेमाबाई ऐकतात कसल्या! दोन महिन्यांत कुंकू पुसलं आणि सर्वपित्रीला नवऱ्याचं पान वाढून मोकळी झाली. लोक नाही नाही ते बोलले. मग डोंबिवलीत येऊन पोळीभाजीचे डबे करत तिने एकटीने मुलीला वाढवलं.

समीक्षाच्या अंगाचा तिळपापड झाला. हा माणूस धडधाकट निघून गेला आणि आई वीस वर्षं त्याच्या नावाने खीर रांधतेय! क्लिप पुसून टाकावी, तोंड शिवून बसावं, असं तिला फार वाटलं. आईला हे सोसेल का? पण उद्या तेच पडद्यावर दुसऱ्या कुणी पाहिलं तर? तिने क्लिप मोबाइलवर उतरवून घेतली, अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि घर गाठलं.

"आई, जरा बस. बाबा वाहून नव्हते गेले गं. हे पुरानंतर तिसऱ्या दिवशीचं आहे."

हेमाने मोबाइल हातात घेतला. क्लिप पाहिली. रडली नाही, दचकलीही नाही. "परत लाव," एवढंच म्हणाली. दुसऱ्यांदा मात्र तिचे डोळे भरून आले.

"तुला मावशीकडे ठेवलेलं तेव्हा," ती म्हणाली. "आलेले ते घरी. नाशिकच्या त्या बाईकडे जातो म्हणाले, कायमचा."

"म्हणजे तुला माहीत होतं?"

"बॅग मीच भरून दिली. तुला टाकून गेलेला बाप देण्यापेक्षा, म्हटलं, पुरात गेलेला देऊ."