जिवंतपणीचा कावळा

खाटेशेजारच्या यंत्राला सगळे कावळाच म्हणत. इच्छामरणाचा कायदा झाला तेव्हा आपल्या लोकांनी अट घातली, की माणसाची एकही इच्छा मागे अडकलेली नको. पिंडाला कावळा शिवायची वाट बघत बसण्यापेक्षा आधीच विचारलेलं बरं. इच्छा सरली की यंत्राचा दिवा हिरवा व्हायचा आणि मगच नर्सला औषध देता यायचं.

दिगंबररावांचा अर्ज कधीच मंजूर झाला होता, पण दिवा लालच. हाडांत शिरलेला कॅन्सर त्यांना झोपू देत नव्हता.

"तुमच्या बहिणीशी गोड बोलेन," त्यांच्या पत्नी मंदाकिनीबाईंनी कबूल केलं.

"यंत्र आहे गं, मूर्ख नाही," दिगंबरराव म्हणाले. मग हळूच बोलले, "तुला एकटीला स्कूटर चालवताना बघायचंय. माझ्यामागे बाजारात कोण नेणार तुला?"

बाई अंगणात स्कूटर शिकू लागल्या. खिडकीतून आवाज यायचा, "ब्रेक, मंदा, ब्रेक." रोज त्या फाटकावर आदळत आणि दिवा लालच राही. फाटकाबाहेर रस्त्याच्या वळणापलीकडे, जिथलं दिगंबररावांना दिसत नसे, तिथे त्या झकास ब्रेक मारतात हे नर्सने पाहिलं होतं.

मग एका सकाळी दिगंबररावांना पाण्याचा घोटही गिळवेना. बाईंनी त्यांचं तोंड पुसलं, स्कूटर काढली आणि फाटकाच्या वीतभर अलीकडे अलगद थांबवली.

खिडकीत हिरवा उजेड पडला. त्या आत आल्या.

"जमलं की गं तुला," दिगंबरराव पुटपुटले.

"शिकवणारा बरा होता," म्हणत बाईंनी त्यांचा हात हातात घेतला आणि नर्सला जवळ बोलावलं.