मुक्या कुस्त्या

सासऱ्यांच्या जुन्या कॉम्प्युटरचा आवाज कधीपासून बंद होता. "सूनबाई, या मुक्या कुस्त्या मी किती दिवस बघायच्या?" हा त्यांचा रोजचा प्रश्न. आवाजाचा ड्रायव्हर नव्याने टाकायला हवा होता, पण बाळाचे सगळे फोटो त्याच कॉम्प्युटरमध्ये, त्यामुळे माझा जीव टांगणीला. म्हणून आधी फोटो पेन ड्राइव्हवर घेतले, काही बिनसलं तर सगळं पूर्ववत करता यावं म्हणून रिस्टोअर पॉइंट केला आणि मगच कंपनीच्या साइटवरून ड्रायव्हर उतरवला.

आवाज आला! कुस्तीचे प्रेक्षक ओरडले, त्यांच्यावर ताण करत सासरे ओरडले, "धर त्याला! सोडू नकोस!" आणि मी थोपटून थोपटून कसंबसं झोपवलेलं बाळ भोकाड पसरून उठलं.

सासरे पाय मोकळे करायला बाहेर पडले, तशी मी कॉम्प्युटर गुपचूप आधीच्या स्थितीला नेऊन ठेवला. ते परतल्यावर मी चेहरा पाडून म्हणाले, "बाबा, म्हातारं मशीन ते. नवा ड्रायव्हर काही झेपला नाही त्याला." बिचारे हळहळले.

तेवढ्यात सासूबाईंनी मला स्वयंपाकघरात ओढलं आणि कानाशी लागल्या.



"तुझी रीत बरी गं! दुपारची डुलकी मिळावी म्हणून मी तो ड्रायव्हर उडवला, तेव्हा असलं काही जपून ठेवायचं सुचलंच नाही मला."