सेटवरची कडी

कला दिग्दर्शक झालेल्या रजतने पहिल्याच सिनेमासाठी आपलं महागावचं लहानपणीचं घर आठवणीतून जसंच्या तसं उभं केलं, आणि सेट दाखवायला मायला घेऊन आला. थर्माकोलची चूल पाहून मैनाबाई हसली. मागच्या खोलीपाशी मात्र थांबली. दाराला बाहेरून कडी होती.

“एवढी खाली होती काय रे कडी?”

“इथल्या सुतारानं वर लावलती, माय. मीच खाली घ्याले लावली. लहान होतो तवा माह्या नाकासमोर ये, पक्कं ध्यानात हाये.”

मैनाबाईचा हात कडीवरच राहिला.

“तुहा बाप मले कोंडून वावरात जाये. मी दिवसभर दार ठोको,” ती म्हणाली. “मले वाटे, लेकराचा हात पुरत नसंन.”