तंबूतल्या सिनेमासारखं पुस्तक

महाडच्या वाचनालयात गद्रे मास्तर फाटक्या पुस्तकांना पुठ्ठे चिकटवत बसले होते. तेवढ्यात पोलादपुराकडच्या वाडीवरची बनुबाई दारात येऊन उभी राहिली.

"मास्तर, जत्रेत तंबूतला शिनेमा बघितला. तसलं पुस्तक हाय का? मला वाचता येत नाय, तुमीच वाचून दाखवा."

"काय होतं त्यात?"

"पोरगा मरतो, आय ऊर बडवते. आन् शेवटाला तोच पोरगा घोड्यावर बसून हसत वरातीत येतो."

मास्तर चक्रावले. जत्रेत लागलेला हा सिनेमा त्यांनी मुंबईत पाहिला होता, पण त्यात वरात आधी होती आणि शेवटी चिता. मग एकदम त्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. तंबूवाल्यानं रिळं मागंपुढं लावली होती! खरं काय ते सांगायला त्यांनी तोंड उघडलं.

"माझा पोरगा चांगू यंदा मुंबईत तापानं मेला वो," बनुबाई म्हणाली. "तवापासून डोळ्याला डोळा नव्हता. शिनेमा बघितला, त्या रातीला झोपले."

नायक शेवटी मरतो अशी एक कादंबरी मास्तरांनी कपाटातून काढली, बनुबाईला समोर बसवलं आणि शेवटचं प्रकरण आधी वाचायला घेतलं.