तिच्या वाट्याची पावलं

शेवटच्या डावात बिपना मेली ती शाळेच्या भिंतीवरून उडी मारताना. पासांग तिच्याआधीच गेला होता, निश्चल तिच्यामागोमाग. आता फोनवरच्या खेळातल्या गावात त्यांच्या संघाचा एकटा सुजेन उरला होता, आणि समोरच्यांचाही एकच.

"आता सगळे चूप," इअरफोनमधून सुजेनचा आवाज आला. "मेलेल्यांनी तोंड उघडायचं नाही. मला पावलं ऐकू दे."

सांगायची गरज नव्हती. नेपाळातल्या या धरानमधलं शेंबडं पोरही हा नियम पाळतं. खेळाचा आवाज आणि चौघांचं बोलणं एकाच वायरीतून कानात येतं. कोणी नुसतं खाकरलं तरी शत्रूचं पाऊल त्यात बुडून जातं. म्हणून मेलेला गडी गप्प बसतो आणि जिवंत गड्याला जे दिसतं तेच आपल्या फोनवर बघत राहतो.

सुजेन एका दुमजली घराच्या तळमजल्यावर दबा धरून होता. बंदूक खिडकीवर, पाठ जिन्याकडे. हा डाव मारला की चौघंही अंतिम फेरीसाठी काठमांडूला जाणार होते. सुजेनला तर तिथल्या एका मोठ्या संघाने कायमचं घ्यायचं कबूल केलं होतं. लाहुरे, म्हणजे परदेशी फौजेतला गुरखा शिपाई, व्हायचं म्हणून तो दोनदा फौजेच्या भरतीत धावला आणि दोनदा परत आला. आता त्याच्याकडे एवढंच होतं.

बिपनाला ते चांगलं ठाऊक होतं.

अठरा दिवसांपूर्वी, सराव चालू असताना तिचा माइक उघडा राहिला होता. मागे आमा, तिची आई, मलेशियातल्या नवऱ्याशी फोनवर बोलत होती. "तिकडच्या त्या बाईला सोडू नका हवं तर. पण एकदा या हो." सुजेन खेळाचं रेकॉर्डिंग करत होता. त्यात गोळ्यांचा कडकडाटही आला आणि आमाचं रडणंही. त्याने नेमका तेवढाच तुकडा कापला, वर हसरे चेहरे चिकटवले आणि दिला नेटवर सोडून. दोन दिवसांत भानुचोकातली पोरं आमाच्या मिरच्यांच्या टोपल्यांसमोर हात जोडून गळा काढायला लागली, "एकदा या हो!" तिसऱ्या दिवशी आमा बाजारात बसायला गेली नाही. त्यानंतर तिने उंबरा ओलांडलेला नाही.

"गंमत केली गं, बहिनी," सगळ्यांत थोरला, सगळ्यांचा दाइ असलेला सुजेन म्हणाला होता. "आमाला सांग, अख्ख्या धरानात फेमस झालीस म्हणून."

बिपना त्यावर हसली होती. डोक्यात तिडीक गेली होती, तरी हसली. संघ सोडला असता तर त्याला दुसरी कोणी मिळाली असती. तिला थांबायचं होतं.

आता तिने इअरफोनची पिन उपटली. माइक चालू केला. फोन उताणा करून माडीच्या फळ्यांवर ठेवला आणि कोपऱ्यातले कॉलेजचे बूट पायात चढवले. खाली आमा मिरच्यांची देठं खुडत होती.

बिपना चालायला लागली. दोन पावलं, मग थांबणं. पुन्हा एक पाऊल, सावकाश. हातात बंदूक घेतलेला माणूस लाकडी मजल्यावर कसा चालतो, हे दोन वर्षं ऐकून ऐकून तिला पाठ झालं होतं.

"वर आहे," फोनमधून कुजबुज आली. "साला माझ्या डोक्यावरच आहे."

फोनवर सुजेनची बंदूक खिडकीवरून ढळली आणि जिन्याकडे वळली. बिपनाने आणखी एक फळी वाजवली. तो जिना चढायला लागला. तिसऱ्या पायरीवर त्याच्या पाठीत दोन गोळ्या बसल्या, खिडकीतून.

"कोण होतं रे वर?" सुजेन किंचाळला. "पावलं ऐकली मी! आईशप्पथ ऐकली!"

"मी पण ऐकली, दाइ," पासांग म्हणाला.

"वर कुणीच नव्हतं," निश्चल म्हणाला. "मारणारा तर बाहेर गवतात होता."

"गेलं रे," सुजेनचा आवाज फाटला. "सगळं गेलं माझं."

स्वतःचं नाक कापून दुसऱ्याला अपशकुन करतात तो असा. काठमांडू बिपनाचंही गेलं होतं; तिची पिशवी परवापासून भरून तयार होती. पण ज्या घराचं नाक अठरा दिवसांपूर्वीच भर चौकात कापलं गेलं, त्या घराला आता कसली भीती? तिला आनंद झाला. चांगला पोटभर झाला, आणि त्याची लाज मुळीच वाटली नाही.

तिने वाकून फोन उचलला. "वर मी होते, दाइ."

"काय?"

"माझ्या घरात. बूट घालून चालत होते. आमाचं बाहेर चालणं बंद केलंस ना तू? म्हटलं, तिच्या वाट्याची पावलं तुला तरी ऐकवावीत."

आधी पासांग बाहेर पडला, मग निश्चल. सुजेन तेवढा राहिला. त्याचा श्वास ऐकू येत होता, आणि मध्येच नाक ओढल्याचा आवाज.

"बहिनी," तो म्हणाला, "पुरे कर ना आता."

बिपनाने फोन पुन्हा फळीवर ठेवला आणि बूट वाजवत ती पुन्हा चालायला लागली.