निळी अळी

फुगलेली फडी कोयत्याने चिरताच आतून निळ्या अळ्या लोंबल्या. सासूबाईंनी, दोन्या होवितांनी, ती निवडुंगाची फडी तशीच चुन्याच्या खड्ड्यात फेकली.

"शेजारच्या फाउस्तोच्या शेतातली घाण," त्या म्हणाल्या. "सालभर त्या घराशी बोलणं बंद आहे, तरी त्याची पाखरं आमच्याकडे येऊन अंडी घालतातच. आणि सूनबाई, यातली एक जरी माझ्या घरात दिसली, तर आणणाऱ्याने माहेरची वाट धरायची."

"हो, आई," ओफेलिया म्हणाली. तेव्हा एक अळी तिच्या एप्रनच्या खिशात होती.

का उचलली, तिला सांगता आलं नसतं. कॉलेजात किडींवर तिने पानंच्या पानं लिहिली होती. असा निळा रंग कुणी दाखवला नव्हता.

मक्याच्या कोठीत, खिडकीखालच्या पोत्यांमागे, काचेच्या बरणीत, पालापाचोळ्याखाली अळीने पांढरा कोश विणला. ओफेलियाला धास्ती होती ती लेकीची. चार वर्षांची नायेली, तोंडात तीळ भिजायचा नाही.

"आजीला सांगायचं नाही हं."

"अळीला पण नाही सांगायचं?"

सासूबाईंचंही लक्ष होतंच. "कोठीत सारखी काय जातेस गं? उंदीर पाळलेत की काय?"

एका संध्याकाळी कोश हलला. ओफेलियाने तव्यावरची तोर्तिया तशीच टाकली, लेकीला घेऊन कोठीत धावली, बरणीचं झाकण काढलं.

ओलं, चुरगळलेलं काहीतरी बाहेर आलं. काडीला धरून लोंबकळलं. मग धुराची घडी उलगडावी तसे पंख उलगडत गेले. राखाडी, आणि त्यावर कुणी केसाएवढ्या रेघा ओढलेल्या. एवढी निळाई गेली कुठे?

"आई, ती थरथरतेय," नायेली कुजबुजली. ओफेलियाला लेक जन्मली तेव्हा वाटलं होतं तसं वाटत होतं.

मागून करपल्याचा वास आला. दारात दोन्या होविता उभ्या होत्या.

ओफेलियाने लेकीला जवळ ओढलं. "मी सकाळी जाते माहेरी. हिला काही बोलू नका."

सासूबाई आत आल्या. गुडघे मोडत खाली बसल्या, बरणीत बघत राहिल्या. तवा करपत होता, त्याचं त्यांना भान नव्हतं. पाखरू चढत चढत काठापाशी आलं, तशी त्यांनी पिठाळ हाताची ओंजळ त्यावर अलगद धरली.

"झाकण लाव आधी," त्या हळूच म्हणाल्या. "गेल्या वर्षी माझं याच खिडकीतून निसटलं."