पडद्यापलीकडचं तोंड

धरणगावच्या कापसाच्या जिनिंगमध्ये तिथंच चित्रित केलेला सरकारी माहितीपट दाखवला, तेव्हा पुरुष पडद्यापुढे बसले आणि बायका पडद्यामागे. मागून डावं-उजवं उलटं दिसतं, एवढाच काय तो फरक.

कापसाच्या ढिगावर मुकादम शालिग्राम दिसला आणि त्याला चिकटून लूत लागलेलं एक कुत्रं, पाठमोरं, अगदी निवांत. त्याचा हात कुत्र्याआड झाकला होता. चित्रणाच्या दिवशी तर तिथं कुत्रं फिरकलंही नव्हतं! पुरुषांत बसलेला शालिग्राम खेळ संपताच उठून घरी निघाला.

घरी तो ताटावर बसताच बायको कुंदाबाई म्हणाली, "शी! कुत्राले हात कसाले चाटू दिन्हा?"

"चाटू? त्यानी तर पाठ व्हती."

"आमनाकडे तोंड व्हतं."

कुंदाबाईनं नाकाला पदर लावला आणि ताट मागे ओढलं.

"आधी हात धवा. लाळ गळी ऱ्हायनी."